उलटा केक : घरगुती भट्टीचे शास्त्र

भिलाईचे नाव घेताच प्रथम आठवते ती भट्टी. २ फेब्रुवारी १९५५ रोजी भारत व सोव्हिएत संघ यांच्यात पोलाद कारखान्याचा करार झाला आणि ४ फेब्रुवारी १९५९ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते येथील पहिल्या झोतभट्टीचे उद्घाटन झाले. राजहऱ्याचे लोहखनिज, नंदिनीची चुनखडी आणि दगडी कोळशापासून केलेला कोक यांचे थर या भट्टीच्या तोंडातून एकावर एक सोडले जातात, व तळाशी सुमारे १,५०० अंश सेल्सिअस उष्णतामानाचे वितळलेले लोखंड मिळते.

या कारखान्याच्या सावलीत वसलेल्या सेक्टरांतील प्रत्येक घरात आणखी एक भट्टी असते. ती म्हणजे स्वयंपाकघरातील शेगडी. तिच्यावरील कामास १,५०० अंशांची गरज नाही. केक भाजावयास १८० अंश पुरेसे होतात. परंतु उष्णता कशी वाहते, कोणत्या उष्णतामानास कोणता पदार्थ बदलतो, वायू केव्हा सुटतो आणि थर केव्हा स्थिर होतो हे प्रश्न दोन्ही भट्ट्यांपुढे सारखेच असतात. चुनखडी तापली म्हणजे तिच्यातून जो कर्बाम्ल वायू, म्हणजेच कार्बन डाय-ऑक्साइड, बाहेर पडतो, तोच वायू खाण्याच्या सोड्यातून निघून केक फुगवितो.

घरी केलेला केक पुष्कळदा बिघडतो. तो मध्ये खचतो, तळाशी करपतो, वर पांढुरका राहतो किंवा भांड्यास चिकटून बसतो. अशा वेळी दोष हातगुणास दिला जातो. वस्तुतः तो बहुधा उष्णतेच्या किंवा प्रमाणाच्या अज्ञानाचा असतो. प्रस्तुत पाठात फळांचा उलटा केक उदाहरणादाखल घेतला आहे. ज्या घरी ओव्हन नाही त्या घरास हाच केक सर्वांत सोयीचा का, हे त्यावरून स्पष्ट होईल.

उलटा केक म्हणजे काय

नेहमीच्या केकमध्ये शोभेची बाजू वर असते. उलट्या केकमध्ये ती भाजताना तळाशी असते. भांड्याच्या तळास प्रथम साखरेचा तांबूस पाक व लोणी, त्यावर फळांच्या चकत्या, आणि सर्वांत वर केकचे मिश्रण अशी रचना करतात. भाजून झाल्यावर भांडे ताटात पालथे केले की तळाचा भाग वर येतो आणि पाकात मुरलेली चकचकीत फळे दिसू लागतात.

अमेरिकेत घरोघरी भरवशाचे ओव्हन येण्यापूर्वी असे केक बिडाच्या जाड तव्यात चुलीवरच भाजीत असत. अननसाचा केक मात्र तेथे विसाव्या शतकात लोकप्रिय झाला. १९११च्या सुमारास हवाई बेटांत अननस सोलून त्याचा गाभा काढणारे यंत्र तयार झाले आणि सारख्या आकाराच्या गोल चकत्या डब्यात भरून सर्वत्र जाऊ लागल्या. १९२५ मध्ये तेथील अननस डबाबंद करणाऱ्या एका कंपनीने पाककृतींची स्पर्धा लावली. तिच्याकडे आलेल्या सुमारे ६०,००० कृतींपैकी २,५०० कृती उलट्या केकच्याच होत्या असे सांगतात.

अननस हे फळ मूळचे दक्षिण अमेरिकेतील. भारतात ते पोर्तुगीजांनी आणले, आणि मराठीतील ‘अननस’ हा शब्दही त्यांच्याच भाषेतून आला. जहांगीर बादशहाने आपल्या आठवणींत या फळाचा उल्लेख केला आहे. म्हणजे उलटा केक नवा असला तरी त्यातील फळ आपल्या देशात चारशे वर्षांहून अधिक काळ परिचित आहे.

वर-खाली निखारे

भाजण्याची कलाही आपल्याकडे नवी नाही. भिलाई ज्या दुर्ग जिल्ह्यात आहे तो १ नोव्हेंबर २००० पासून छत्तीसगड राज्यात आहे. १९५६ पूर्वी तो ज्या प्रांतात होता त्याची राजधानी नागपूर होती, आणि त्याहीपूर्वी छत्तीसगडवर नागपूरकर भोसल्यांचा अंमल होता. त्यामुळे या भागात मराठी कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या राहत आली आहेत. अशा घरांत ओव्हन नसला तरी भाजलेल्या गोड पदार्थांची परंपरा अपरिचित नसते. कोकणातील काकडीचे धोंडस घट्ट झाकणाच्या पातेल्यात, खाली मंद विस्तव व झाकणावर निखारे ठेवून भाजीत. छत्तीसगडच्या खेड्यांत तांदळाच्या पिठाची जाड अंगाकर रोटी पानांत गुंडाळून गोवऱ्यांच्या निखाऱ्यांवर भाजतात.

या दोन्ही रीतींत एकच तत्त्व आहे. जाड पदार्थ आतपर्यंत शिजावयाचा असेल तर उष्णता मंद असावी, दीर्घकाळ मिळावी आणि शक्य तर सर्व बाजूंनी मिळावी.

उष्णता तीन मार्गांनी पदार्थापर्यंत पोहोचते. तापलेल्या भांड्याच्या स्पर्शाने ती पोहोचते तेव्हा तीस वहन म्हणतात. तापलेली हवा फिरत राहून ती पोहोचविते तेव्हा अभिसरण होते. निखाऱ्यांतून किंवा तापलेल्या भिंतींतून ती किरणांच्या रूपाने येते तेव्हा प्रारण होते. ओव्हनमध्ये हे तिन्ही मार्ग उपलब्ध असतात. शेगडीवरील झाकलेल्या पातेल्यात मात्र तळाकडून येणारी उष्णता अधिक आणि वरून येणारी अत्यल्प असते. त्यामुळे तेथे भाजलेल्या साध्या केकचा तळ तांबूस होतो व माथा फिकट राहतो.

उलट्या केकची उपयुक्तता नेमकी येथे दिसून येते. त्याची दर्शनी बाजू तळाशीच असते. जेथे उष्णता सर्वांत अधिक, तेथेच पाक व फळे असतात. आणि फिकट राहिलेला माथा ताटात पालथा केल्यावर खाली जातो. शेगडीचा दोष या केकमध्ये गुण ठरतो. मात्र जेथे रंग लवकर येतो तेथेच करपण्याची भीतीही अधिक, हे विसरून चालणार नाही. पुढील सर्व काळजी त्यासाठीच आहे.

साखरेचा थर

साखर कोरडी तापविली असता सुमारे १६० अंशांच्या पुढे तिचे विघटन होऊ लागते. प्रथम ती पिवळसर, मग मधासारखी, मग तांबूस होते. तिच्यात शेकडो नवी संयुगे तयार होऊन खमंग वास व किंचित कडवटपणा येतो. उष्णतामान २०० अंशांकडे गेले की ती काळी व कडू होते. तांबूस रंगापासून काळ्या रंगापर्यंतचे अंतर अर्ध्या मिनिटाचेही नसते. म्हणून साखर तांबूस होताच विस्तव बंद करणे अवश्य आहे.

कोरडी साखर तशीच भांड्यात पसरून वर रसाळ फळे ठेवली तर काय होईल? फळांतून पाणी सुटेल. पाणी आहे तोवर त्या थराचे उष्णतामान १०० अंशांच्या फारसे वर जाणार नाही. साखर विरघळेल, पण तांबूस होणार नाही. म्हणून पाक आधी विस्तवावर तांबूस करून घ्यावा व मगच त्यावर फळे मांडावी. पाकात लिंबाच्या रसाचे चार थेंब घालावेत. आम्लामुळे साखरेच्या काही भागाचे द्राक्षशर्करा व फलशर्करा यांत रूपांतर होते, आणि त्यामुळे पाकात पुन्हा खडे धरत नाहीत. साखरेऐवजी कबीरधाम जिल्ह्यासारख्या ऊसाच्या पट्ट्यातील चांगला गूळही चालतो. परंतु तो मुळातच रंगीत असल्याने त्यास अधिक तापवू नये. तो लोण्यात केवळ विरघळवून घ्यावा.

फळांचा थर

अननसात सुमारे ८६ टक्के पाणी असते. या पाण्याची व्यवस्था न लावल्यास केकचा तो भाग लगदा होतो. चकत्या सुमारे १ सेंटिमीटर जाडीच्या कापाव्यात, डोळे व गाभा काढून टाकावा आणि चकत्या थोड्या साखरेसह ५ ते ७ मिनिटे मंद शिजवून निथळून घ्याव्यात. निथळलेला रस फेकू नये. तो आटवून पाकात मिसळता येतो.

शिजविण्याचे दुसरेही कारण आहे. कच्च्या अननसात ब्रोमेलेन नावाचे विकर असते. ते प्रथिनांचे तुकडे करते. कच्चा अननस अधिक खाल्ल्यास जिभेस जी चुणचुण होते तिला हे विकरही कारणीभूत असते. कच्चा रस मिश्रणात मिसळून ते तसेच ठेवले तर केकला आधार देणारी अंडी व दूध यांतील प्रथिने या विकराच्या तावडीत सापडतात. सुमारे ८० अंशांपर्यंत तापविल्यास विकर निष्क्रिय होते. डब्यातील अननस तापविलेलाच असल्याने त्याबाबत ही काळजी नको. कच्च्या पपईतही पॅपेन हे त्याच जातीचे विकर असते.

अननस न मिळाल्यास पक्की पण घट्ट केळी, पेरू किंवा आंबा घेता येतो. केळ्यास आम्ल कमी असते, म्हणून त्यावर लिंबू पिळावे. पेरूच्या बिया काढून फोडी वाफवून घ्याव्यात. नागपुरी संत्र्याच्या फोडी घ्यावयाच्या असल्यास त्यांवरील पांढरा पापुद्रा व बिया पूर्णपणे काढाव्यात. त्या राहिल्यास केकला कडसर चव येते.

पिठाचा थर

केक हलका होतो तो त्यातील असंख्य सूक्ष्म बुडबुड्यांमुळे. हे बुडबुडे सोड्याने निर्माण होतात असा सर्वसाधारण समज आहे. तो अर्धाच खरा आहे. लोणी व साखर एकत्र फेसताना साखरेचे कण लोण्यात हवा ओढून नेतात, आणि तेथे बुडबुड्यांचे बीज पेरले जाते. सोड्यातील वायू पुढे या बीजांनाच मोठे करतो. बीजच थोडे असेल तर वायू मोजक्या जागी गोळा होऊन मोठी भोके पडतात.

येथे भिलाईच्या हवेचा विचार करावा लागतो. लोण्यात हवा उत्तम राहते ती सुमारे २० अंशांस. ३२ ते ३५ अंशांस लोणी वितळते, आणि वितळलेल्या तुपात हवा ठरत नाही. मे महिन्यात येथील पारा ४५ अंशांपर्यंत चढतो. त्या दिवसांत लोणी फेसण्याचे काम पहाटे करावे व भांडे माठातील गार पाण्याच्या परातीत ठेवावे. पौष महिन्यात याच्या उलट लोणी कडक राहते. तेव्हा ते तासभर आधी बाहेर काढून ठेवावे.

आता वायूविषयी. खाण्याचा सोडा म्हणजे सोडियम बायकार्बोनेट. त्यास आम्ल मिळाले तर १ ग्रॅम सोड्यापासून साधारण २९० घन सेंटिमीटर कर्बाम्ल वायू सुटतो. आम्ल न मिळता केवळ उष्णता मिळाली तर त्याच्या निम्माच वायू सुटतो, आणि मागे धुण्याचा सोडा उरतो. केकला साबणासारखी चव व पिवळे डाग येतात ते यामुळेच. बेकिंग पावडरमध्ये सोड्याबरोबर योग्य प्रमाणात कोरडे आम्लधर्मी क्षार व थोडे पिष्ट मिसळलेले असते. इंग्लंडमधील आल्फ्रेड बर्ड याने १८४३ मध्ये अशी पावडर तयार केली. त्याच्या पत्नीस यीस्टचे पदार्थ सोसत नसत. दही घालून केलेल्या मिश्रणात दह्याचे आम्ल मिळते, म्हणून तेथे थोडा साधा सोडा चालतो. उलट दही किंवा अन्य आम्ल नसलेल्या मिश्रणात नुसता सोडा घालणे चूक होय.

वायू भट्टीत तापला की प्रसरण पावतो, मिश्रणातील पाण्याचीही वाफ होऊ लागते, आणि केक वर चढतो. या वेळी बुडबुड्यांच्या भिंती मऊच असतात. पुढे अंड्यातील प्रथिने गोठतात, मैद्यातील पिष्टाचे कण पाणी पिऊन फुगतात, आणि भिंती पक्क्या होतात. साध्या पाण्यात गव्हाचे पिष्ट सुमारे ६० अंशांपासून फुगू लागते. केकमध्ये साखर पुष्कळ असल्याने ही क्रिया ८० अंशांच्या पुढे ढकलली जाते. केक चढण्यास अवधी मिळतो तो साखरेच्या या गुणामुळे. परंतु भिंती पक्क्या होण्यापूर्वी झाकण उघडले तर आतील हवा निवते, वायू आकसतो आणि केक खचतो. म्हणून पहिली ३० मिनिटे झाकण उघडू नये.

मैदा घातल्यावर मिश्रण फार वेळ घोटू नये. मैद्यातील प्रथिने पाण्याशी मिळून चिवट जाळे तयार करतात. पोळीच्या कणकेस ते हवे असते, केकला नको.

साहित्य व कृती

पुढील प्रमाण २० सेंटिमीटर व्यासाच्या व ६ ते ७ सेंटिमीटर उंचीच्या गोल भांड्यासाठी आहे.

तळाचा थर : साखर ७५ ग्रॅम, पाणी २ चमचे, लिंबाचा रस ४ थेंब, लोणी ४० ग्रॅम, अननसाच्या शिजवून निथळलेल्या ६ ते ७ चकत्या.

केकचे मिश्रण : मैदा १५० ग्रॅम, बेकिंग पावडर दीड लहान चमचा, मीठ चिमूटभर, लोणी १०० ग्रॅम, साखर १२५ ग्रॅम, अंडी २, दूध सुमारे १०० मिलिलिटर, व्हॅनिलाचा अर्क किंवा वेलदोड्याची पूड.

अंडी वर्ज्य असल्यास दुसरे मिश्रण घ्यावे : मैदा १८० ग्रॅम, दही २२० ग्रॅम, साखर १४० ग्रॅम, तेल १०० मिलिलिटर, बेकिंग पावडर १ लहान चमचा, खाण्याचा सोडा अर्धा लहान चमचा. यात दही, साखर व तेल प्रथम एकजीव करावे, कोरडे जिन्नस चाळून शेवटी घालावेत आणि मिश्रण ताबडतोब भट्टीत ठेवावे. कारण दही व सोडा एकत्र येताच वायू सुटावयास लागतो.

प्रथम जाड बुडाच्या कढईत साखर, पाणी व लिंबाचा रस मंद आचेवर ठेवावा. चमच्याने ढवळू नये. कढई हलकेच फिरवावी. पाक तांबूस होताच आच बंद करून लोणी घालावे. लोण्यातील पाण्यामुळे पाक उसळतो, म्हणून चेहरा व हात दूर ठेवावेत. हा पाक लोणी लावलेल्या भांड्याच्या तळास ओतून पसरावा. मध्ये एक व भोवती सहा अशा चकत्या मांडाव्यात; चकत्या मोठ्या असल्यास अर्ध्या कराव्यात.

नंतर लोणी व साखर पांढुरके व हलके होईपर्यंत फेसावे. अंडी एकेक करून घालावीत. मैदा, बेकिंग पावडर व मीठ दोनदा चाळून, दुधाशी आलटूनपालटून, हलक्या हाताने मिसळावे. मिश्रण पळीवाढे पण घट्टसर असावे. ते चकत्यांवर हळूच पसरावे. भांडे दोनतृतीयांशापेक्षा अधिक भरू नये.

ओव्हन असल्यास तो आधी १८० अंशांपर्यंत तापवून केक ४० ते ४५ मिनिटे भाजावा. मधोमध खुपसलेली स्वच्छ काडी कोरडी बाहेर आली म्हणजे केक झाला. मात्र काडी फळाच्या थरापर्यंत नेऊ नये, तेथे ती ओलीच निघेल.

ओव्हन नसल्यास

जाड बुडाचे, घट्ट झाकणाचे जुने पातेले घ्यावे. त्यात २ सेंटिमीटर जाडीचा पूर्ण कोरड्या वाळूचा थर द्यावा. वाळू उष्णता सावकाश घेते व सावकाश देते. त्यामुळे ज्योत ज्या ठिकाणी लागते त्याच ठिकाणी तळ करपत नाही. वाळूवर अडणी ठेवून, झाकण लावून, मध्यम आचेवर १० ते १५ मिनिटे पातेले तापवावे. मग केकचे भांडे सांडशीने अडणीवर ठेवावे, झाकण लावावे व आच अगदी मंद करावी. केक होण्यास ५० ते ६० मिनिटे लागतात.

केकच्या भांड्याचा धातूही विचारात घ्यावा. ॲल्युमिनियम लोखंडाच्या सुमारे तिप्पट आणि स्टेनलेस स्टीलच्या जवळजवळ पंधरापट उष्णता वाहून नेते. म्हणून ॲल्युमिनियमच्या भांड्यात रंग सारखा येतो, तर स्टीलच्या पातळ डब्यात डाग पडतात. बिडाच्या उघड्या तव्यात आंबट अननस फार वेळ ठेवल्यास लोखंडाची चव उतरते. अशा वेळी तळास लोणी लावलेला कागद घालावा.

अनेक घरांत प्रेशर कुकरमध्ये केक भाजतात. त्यामागील तत्त्व समजून घेणे जिवाच्या दृष्टीनेही महत्त्वाचे आहे. कुकरमध्ये पाणी घालून, रबरी वेढणी व शिट्टी लावल्यास आत सुमारे १२० अंशांची वाफ कोंडते. त्या वाफेत केक शिजेल, पण तांबूस होणार नाही. कारण तांबूस रंगासाठी कोरडी व अधिक उष्णता लागते. उलट पाणी न घालता वेढणी व शिट्टी लावून कुकर तापविणे धोक्याचे आहे. वेढणी जळते, सुरक्षा झडप निकामी होते आणि तोच कुकर पुढे भात-वरणास वापरला तर अपघात होऊ शकतो. म्हणून कुकर वापरावयाचाच झाला तर तो जुना व केवळ याच कामासाठी राखलेला असावा. वेढणी व शिट्टी काढून ठेवावी. कोरडे तापविल्याने ॲल्युमिनियमचा तळ वाकतो, म्हणून रोजचा कुकर यासाठी मुळीच घेऊ नये. स्वयंपाकघराची खिडकी उघडी असावी.

तापलेला पाक उकळत्या पाण्यापेक्षा कितीतरी अधिक गरम असतो आणि त्वचेस चिकटतो. पाक करताना मुलांना शेगडीपाशी येऊ देऊ नये. भाजल्यास तो भाग लगेच नळाच्या वाहत्या गार पाण्याखाली २० मिनिटे धरावा. तूप, हळद किंवा दंतमंजन लावू नये. भाजलेली जागा मोठी असल्यास किंवा फोड आल्यास डॉक्टरांकडे जावे.

पालटण्याची वेळ

भट्टीतून काढलेला केक तत्काळ पालथा केला तर तो मोडतो. कारण पिष्टाच्या भिंती अजून मऊ असतात व पाक पाण्यासारखा पातळ असतो. पूर्ण निवू दिला तर पाक घट्ट होऊन चकत्या भांड्यासच धरून ठेवतो. या दोहोंमधील योग्य वेळ म्हणजे सुमारे १० मिनिटे. कडेने सुरी फिरवावी, भांड्यावर ताट पालथे घालावे, दोन्ही फडक्याने घट्ट धरून एका झटक्यात उलटावे आणि मिनिटभर तसेच राहू द्यावे. पाक चकत्यांतून खाली उतरतो व केक भांड्यापासून सुटतो. वेळ टळून केक चिकटलाच, तर भांड्याचा तळ मंद आचेवर अर्धा मिनिट धरावा. पाक पुन्हा पातळ होतो.

केकच्या कडांना जो खमंग तपकिरी रंग येतो तो केवळ साखरेचा नसतो. प्रथिने व शर्करा यांच्या संयोगानेही असा रंग येतो. या क्रियेचे वर्णन फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लुई कामिल मायार यांनी १९१२ मध्ये केले. पोळीवरील डाग, भाजलेला रवा आणि खव्याचा पेढा यांचा रंग व स्वाद त्याच क्रियेचा आहे.

दोष व त्यांची कारणे

१. केक मध्ये खचला : झाकण लवकर उघडले, सोडा किंवा बेकिंग पावडर अधिक पडली, अथवा केक आत कच्चा राहिला.

२. माथा फुटून मध्ये उंचवटा आला : आच प्रखर होती. कडा लवकर पक्क्या झाल्या व मधले मिश्रण वर फुटून आले.

३. फळाजवळचा भाग लगदा झाला : चकत्या निथळल्या नाहीत किंवा मिश्रण फार पातळ होते.

४. तळ कडू झाला : पाक आधीच काळा झाला होता किंवा वाळूचा थर पातळ होता.

५. केक चिवट झाला : मैदा घातल्यावर मिश्रण फार घोटले.

६. साबणासारखी चव आली : सोड्यास पुरेसे आम्ल मिळाले नाही.

घरी करून पाहण्याचे प्रयोग

पहिला : उष्णतामापक नसल्यास ओव्हनची परीक्षा साखरेने करता येते. वाटीत चमचाभर साखर घेऊन ती तापलेल्या ओव्हनमध्ये १५ मिनिटे ठेवावी. साखर सुमारे १८६ अंशांस वितळते. १७५ अंशांवर लावलेल्या ओव्हनमध्ये ती वितळली, तर ओव्हन दाखवितो त्यापेक्षा अधिक तापतो. १९० वर लावूनही ती कोरडीच राहिली, तर तो कमी तापतो.

दुसरा : दोन पेल्यांत सारखा सोडा घ्यावा. एकात लिंबाचा रस व दुसऱ्यात तितकेच उकळते पाणी ओतावे. कोणत्या पेल्यात फेस अधिक येतो ते पाहावे. बेकिंग पावडर जुनी झाली की नाही हेही गरम पाण्यात चमचाभर पावडर टाकून ठरविता येते. फेस न आल्यास ती टाकून द्यावी.

तिसरा : जिलेटिनच्या जेलीचे दोन भाग करावेत. एकात कच्च्या अननसाची फोड व दुसऱ्यात शिजविलेली फोड घालून दोन्ही गार ठिकाणी ठेवावेत. कच्च्या फोडीची जेली धरत नाही, कारण जिलेटिन हे प्रथिन आहे व विकर त्याचे तुकडे करते. हाच प्रयोग चायना ग्रासच्या जेलीवर केल्यास दोन्ही भाग धरतात. चायना ग्रास प्रथिन नाही.

झोतभट्टीवर काम करणारा मनुष्य केवळ रंग पाहून अंदाज बांधीत नाही; तो उष्णतामान मोजतो, प्रमाण नोंदवितो आणि बिघाडाचे कारण शोधतो. स्वयंपाकघरातही हीच रीत उपयोगी पडते. प्रत्येक वेळी मैद्याचे वजन, आचेचे मान, लागलेली मिनिटे व निष्पत्ती वहीत टिपून ठेवावी. एका वेळी एकच गोष्ट बदलावी. चार केक झाले म्हणजे ती वही कोणत्याही छापील कृतीपेक्षा त्या घराच्या शेगडीस अधिक लागू पडेल. आणि लोणी, अंडी, इंधन व श्रम वाया जाणार नाहीत.

प्रश्न

१. शेगडीवर भाजावयास साध्या केकपेक्षा उलटा केक सोयीचा का?

२. पाक आधी तांबूस न करता कोरडी साखरच फळाखाली ठेवली तर काय होईल?

३. दही नसलेल्या मिश्रणात नुसता सोडा का घालू नये?

४. मे महिन्यात भिलाई येथे लोणी फेसताना कोणती काळजी घ्यावी, व का?

५. कुकरमध्ये केक भाजताना वेढणी व शिट्टी का काढतात?